पूर्व जर्मनीत लोक रोज कसे जगायचे? मला नेहमी विचारले जाणारे प्रश्न

मी मूळची इचलकरंजीची, पण गेली बरीच वर्षं लाइपझिगला राहतेय. भारतातून कुणीही पाहुणं आलं की दुसऱ्या दिवशी नाश्त्यालाच विषय निघतो. एक तर "तेव्हा काय शिस्त होती गं, सगळ्यांना नोकरी, सगळ्यांना घर", नाहीतर "बापरे, म्हणजे तुरुंगच की सगळा". दोन्ही इतक्यांदा ऐकलंय की आता एकदाच लिहून ठेवते, पुढच्या पाहुण्याला तिकिटाबरोबरच पाठवून देईन. यातलं बरंचसं वाचलेलं आहे आणि बरंचसं आमच्या शेजारच्या आजींच्या स्वयंपाकघरात बसून ऐकलेलं. या आजी सूतगिरणीत होत्या, त्यामुळे आमचं पहिल्या दिवसापासून जमलं.

नक्की कुठल्या देशाबद्दल बोलतेयस?

जर्मन लोकशाही प्रजासत्ताक, म्हणजे डीडीआर. ७ ऑक्टोबर १९४९ ला सुरू, ३ ऑक्टोबर १९९० ला संपलं. मध्ये १३ ऑगस्ट १९६१ ला बर्लिनची भिंत. शेवटी लोकसंख्या साधारण एक कोटी चौसष्ट लाख, म्हणजे आपल्या मुंबईपेक्षा फार मोठा देश नाही. तुमच्या घरच्या जुन्या अल्बममधले कृष्णधवल फोटो ओर्वोच्या रोलवर काढलेले असायची बरीच शक्यता आहे, आणि ते ओर्वो म्हणजे इथलंच, लाइपझिगजवळच्या वोल्फेन गावचं. माझ्या आईबाबांच्या लग्नाचे फोटो तसलेच आहेत, आजींना दाखवले तर त्या फोटोतल्या माणसांआधी कागद उलटा करून बघायला लागल्या.

म्हणजे लोक चोवीस तास घाबरून असायचे का?

नाही. हा प्रश्न मी आजींना पहिल्यांदा विचारला तेव्हा त्या हसल्याच. त्यांचं म्हणणं, बाई गं, चोवीस तास घाबरायला वेळ कुणाला होता, सकाळची पाळी, पोरं पाळणाघरात सोडायची, येताना कुठे रांग दिसली की आधी उभं राहायचं आणि मग विचारायचं काय मिळतंय. भीती होती पण ती थंडीसारखी, म्हणजे तुम्ही तिचा विचार करत नाही, पण बाहेर पडताना हात आपोआप कोटाकडे जातो.

मला इतकी वर्षं ऐकून कळलंय ते असं की सरकारला तुमचा विश्वास फारसा नको होता. तुमची सही हवी होती, तुमची हजेरी हवी होती. १ मेच्या मोर्चाला यायचं, झेंडा धरायचा, वर्गणी भरायची, टाळ्या वाजवायच्या, आणि मग घरी जाऊन काय वाट्टेल ते बोला (हळू आवाजात). प्रत्येक गोष्ट सुटी सुटी घेतली तर क्षुल्लकच. एका मोर्चासाठी कोण भांडत बसणार? अशा चाळीस वर्षांच्या क्षुल्लक गोष्टींची बेरीज म्हणजे तो देश.

सगळे पार्टीचे मेंबर होते का?

नाही हो. सत्ताधारी एसईडी पक्षाचे ऐंशीच्या दशकात तेवीस लाखांच्या आसपास सभासद, म्हणजे मोठ्या माणसांत साधारण पाचात एक. बाकीचे कामगार संघटना, सोव्हिएत मैत्री संघ असल्या कशाचे तरी सभासद असायचे, कारण कशाचेच नसलात तर लोक विचारायचे, का बरं नाही? मैत्री संघ त्यातल्या त्यात स्वस्त आणि बिनत्रासाचा. आजी तिथे होत्या. कशासाठी म्हणून विचारलं तर म्हणाल्या, "वर्गणीचे स्टॅम्प चिकटवायला."

मतदान व्हायचं का?

व्हायचं की, आणि हा माझा सगळ्यात आवडता भाग आहे, म्हणजे आवडता म्हणू नये, पण यात सगळा देश दिसतो. उमेदवारांची एकच यादी. तुम्ही जायचं, कागद घ्यायचा, घडी घालायची, पेटीत टाकायचा, संपलं, खूण बिण काही नाही. त्यामुळे लोक "मतदानाला जातो" म्हणायचेच नाहीत, "घडी घालून येतो" म्हणायचे. कोपऱ्यात पडदा लावलेली जागा असायची, कायद्याने पूर्ण परवानगी, पण तिथपर्यंत चालत जायला लागायचं आणि टेबलामागच्या माणसांना दिसायचं कोण गेलं ते. चार-पाच पावलं फक्त. आणि दुपारपर्यंत आलाच नाहीत तर पेटी तुमच्या दारात.

पण लोक पण कमी नव्हते बरं का. निवडणूक जवळ आली की "छत गळतंय, दुरुस्त झालं नाही तर मी मतदानाला येणार नाही" असं कळवायचे, आणि कधीकधी छत दुरुस्त व्हायचं! निकाल ९९ टक्के हवा म्हणून सरकारच त्या एका मताला इतकं घाबरायचं.

तक्रार करता यायची?

यायची, आणि धो धो करायचे लोक. त्याला आइनगाबे म्हणायचे, म्हणजे अर्जच, आपल्याकडच्या "मा. साहेब, सविनय अर्ज करतो की" टाइप. १९७५ च्या कायद्याप्रमाणे चार आठवड्यांत उत्तर देणं ऑफिसला बंधनकारक होतं. घर मिळत नाही, बॉयलर बंद, ट्राबांट गाडी नोंदवून बारा वर्षं झाली अजून नंबर नाही, मुलाचे बूट मिळत नाहीत, कशाबद्दलही. वरपर्यंत, थेट पक्षप्रमुख होनेकरना पत्र.

१९७७ चं उदाहरण घ्या. जगात कॉफीचे भाव भडकले, डॉलर नाहीत, मग सरकारने "काफे-मिक्स" आणलं, ५१ टक्के कॉफी, बाकी वाटाण्यापासून राईपर्यंत कायकाय भाजून घातलेलं. हॉटेलातली मशिनं चोंदली. लोक भयंकर चिडले, अर्जांचा पाऊस, आणि त्या मिक्सला पश्चिमेकडच्या एका महागड्या ब्रँडच्या चालीवर "एरिखची क्रोनुंग" असं नाव पडलं, एरिख म्हणजे होनेकर. सरकारला माघार घ्यायला लागली. म्हणजे बघा, पक्षाच्या विरोधात चार ओळींचं पत्रक काढलं तर जेल, पण कॉफी बेकार आहे म्हणून पक्षप्रमुखाला झापणारं पत्र चालतं. फक्त युक्ती अशी की पत्र समाजवादाच्याच भाषेत लिहायचं. "आपल्या कामगारांच्या राज्यात असं होणं शोभत नाही" वगैरे. आजींना ही भाषा अजून पाठ आहे, मध्ये इंटरनेट कंपनीला त्यांनी तसलंच पत्र लिहिलं आणि खरं सांगते, तीन दिवसांत माणूस आला.

नोकरी सगळ्यांना होती हे तरी खरं ना?

खरं आहे. पण १९६८ च्या घटनेत काम हा हक्क होता आणि कर्तव्यही, आणि लोक पहिला अर्धा भागच लक्षात ठेवतात. काम न करणाऱ्याला "समाजविघातक" ठरवून आत टाकायचं कलम होतं, २४९ नंबरचं. कवी व्हायचंय म्हणून घरी बसलो असं चालायचं नाही. मग कवी मंडळी काय करायची, तर स्मशानात माळी, चर्चमध्ये बॉयलरवाला, रात्रपाळीचा वॉचमन, म्हणजे नोकरीचा शिक्का पण असायचा आणि डोकं पण मोकळं.

आणि नोकरी म्हणजे नुसती नोकरी नव्हती, तुमची तुकडी असायची, ब्रिगेड. आजींकडे त्यांच्या ब्रिगेडची डायरी आहे, जाडजूड, लाल रेक्झिनचं कव्हर. ती मी पूर्ण बघितलीय. एका पानावर थिएटरची तिकिटं चिकटवलेली, खाली "सांस्कृतिक योजना पूर्ण". पुढच्या पानावर ८ मार्चचा फोटो, सगळ्या बायकांच्या हातात एकेक कार्नेशन, मागे स्पिंडलची रांग. नंतर एकीच्या बाळंतपणाला सगळ्यांनी मिळून काय दिलं त्याची यादी. आणि मग एक पान, सुरेख वळणदार अक्षरात, "आमच्या एका सहकारी महिलेशी तिच्या उशिरा येण्याबद्दल चर्चा केली. तिने चूक मान्य केली." मी विचारलं ही कोण, तर आजी म्हणाल्या, "मीच. आणि अक्षर पण माझंच, कारण माझं चांगलं होतं."

मुलांचं काय?

इथे मात्र हसण्यासारखं कमी आहे. सहा-सात वर्षांचं पोर पायोनियर, गळ्यात निळा स्कार्फ, नंतर लाल, आणि चौदाव्या वर्षी एफडीजे ही युवक संघटना, निळा शर्ट. चौदाव्या वर्षीच युगेंडवाइहे, म्हणजे साधारण आपल्या मुंजीसारखा सोहळा, पण देवाऐवजी राज्याची शपथ. १९५५ च्या सुमाराला चर्चला शह म्हणून सुरू केला, शेवटी शेवटी जवळपास सगळीच मुलं करायची. सक्ती? कागदावर नाही. फक्त पुढे बारावीला बसायची संधी वर्गातल्या दोन-चार जणांनाच, आणि ती दोन-चार कोण हे ठरवताना मार्क बघायचे तसा निळा शर्ट पण बघायचे. पाद्र्याची मुलगी वर्गात पहिली असली तरी तिचं नाव मागे पडायचं. मुलगा असेल तर दीड वर्षाऐवजी तीन वर्षं लष्करात जायला सही करतोस का, मग बघू मेडिकलचं.

म्हणून आईबाप आपल्यापुरतं एक वेळ अडले असते पण मुलासाठी वाकायचे. मला यात कुणालाच नावं ठेवता येत नाहीत. डोनेशन भरणाऱ्या समाजातून मी आलेय.

पश्चिमेचा टीव्ही बघायचे म्हणे चोरून?

चोरून कसलं, सगळेच बघायचे. १९६१ मध्ये एफडीजेच्या पोरांनी छपरांवर चढून पश्चिमेकडे तोंड केलेले अँटेना मोडले होते, पण १९७३ ला होनेकरनीच जाहीर म्हटलं की ज्याला हवं त्याने लावावा किंवा बंद करावा. ड्रेस्डेनच्या खोऱ्यात मात्र सिग्नल पोचायचा नाही, त्या भागाला "अजाणांचं खोरं" म्हणायचे, बिचारे.

पण बघणं वेगळं आणि बघितलं म्हणणं वेगळं. शाळेत बाई विचारायच्या, बातम्यांच्या आधी जे घड्याळ येतं ना बाळांनो, त्यात तासांच्या जागी ठिपके असतात की रेघा? एक पूर्वेचं घड्याळ, एक पश्चिमेचं. पोरगं खरं बोललं की घरचं कळलं. हा किस्सा इथे इतक्या जणांनी सांगितलाय मला, प्रत्येक जण म्हणतो आमच्याच वर्गात झालं. ठिपके कुणाचे आणि रेघा कुणाच्या यावर मात्र दरवेळी वाद.

जीन्स, लांब केस, गाणी?

सरकारचं डोकं यात कधीच स्थिर नव्हतं. १९५८ चा नियम, नाचाच्या कार्यक्रमात ६० टक्के गाणी समाजवादी देशांची हवीत. बँडवाले यादीत ६० टक्के लिहायचे आणि वाजवायचे भलतंच. १९६५ ला लाइपझिगमध्ये जवळजवळ सगळ्या बीट बँडवर (बीटल्सच्या धर्तीचे) बंदी आली, ३१ ऑक्टोबरला पोरं रस्त्यावर उतरली, घोषणा नाहीत की काही नाही, नुसती उभी होती. पाण्याचे फवारे, कुत्रे, अडीचशेहून जास्त जणांना धरलं, बऱ्याच जणांना कोळशाच्या खाणीत कामाला धाडलं. त्याच वर्षी होनेकरच्या आधीचे पक्षप्रमुख उल्ब्रिख्ट साहेबांनी त्या "ये-ये-ये" ला वैतागून भाषण ठोकलं. पुढे सत्तरच्या दशकात तेच सरकार स्वतःच्या जीन्स शिवायला लागलं. म्हणजे ज्या पोराचं आयुष्य पासष्टला वाया गेलं त्याचा गुन्हा काय, तर आठ-दहा वर्षं लवकर जन्मला.

मग मोकळं कुठे वाटायचं लोकांना?

बागेत! एवढं एकच उत्तर द्यायचं तर बागेत. शहराच्या कडेला छोटे छोटे वाफे, त्यात एक लाकडी खोपटं. याची सुरुवातच आमच्या लाइपझिगची, १८६० च्या दशकातली, म्हणून श्रेबर बागा म्हणतात, इथल्या डॉक्टर श्रेबर यांच्यावरून. डीडीआरमध्ये बागवाल्यांच्या संघटनेचे पंधरा लाखांच्या आसपास सभासद झाले. शुक्रवारी दुपारी कारखान्यातून अर्धे लोक गायब, बागेत. तिथे सॉसेज भाजायचं, बिअर, आणि चकाट्या. गंमत म्हणजे जास्तीची फळं सरकारी खरेदी केंद्र चढ्या भावाने घ्यायचं आणि दुकानात अनुदानाने स्वस्त विकायचं, त्यामुळे सकाळी विकलेली स्वतःचीच फळं संध्याकाळी कमी पैशात परत आणता यायची असं लोक हसून सांगतात.

दुसरं म्हणजे बाल्टिकचा किनारा, कपड्यांशिवाय पोहणं. (काका, हे आपल्या ग्रुपवर फॉरवर्ड करू नका.) १९५४ ला बंदी घालायला गेले, लोकांनी इतका गोंधळ घातला की १९५६ ला ठरावीक किनाऱ्यांवर परवानगी द्यावी लागली. पुढे तर कुटुंबंच्या कुटुंबं, कारखान्याचा डायरेक्टर आणि फोरमन शेजारी शेजारी, कोण कोण ते कळायला खांद्यावर बिल्ला नाही.

ग्युंटर गाउस नावाचे पश्चिम जर्मनीचे प्रतिनिधी होते पूर्व बर्लिनमध्ये, त्यांनी याला कोनाड्यांचा समाज म्हटलं. शब्द चांगला आहे, आपल्याकडे तर कोनाडा म्हणजे देवळी, पणती ठेवायची जागा, भिंतीतच खोदलेली. आता कोनाड्यात बसलेला माणूस मोकळा असतो की भिंतीचाच भाग होतो? आजी म्हणतात मोकळा. त्यांचा मुलगा, साठीचा आहे, तो म्हणतो सरकारने बागा दिल्या म्हणजे लोक चौकात येणार नाहीत. दोघांचं यावरून दर ख्रिसमसला वाजतं.

बायकांना तरी जास्त स्वातंत्र्य होतं ना?

पगाराचं होतं. ऐंशीच्या दशकात नव्वद टक्क्यांच्या आसपास बायका नोकरीत किंवा शिक्षणात, पाळणाघरं जवळजवळ फुकट, घटस्फोट सोपा. मार्च १९७२ मध्ये पहिल्या बारा आठवड्यांतला गर्भपात बाईच्या निर्णयावर सोडला, आणि त्या कायद्याला संसदेत १४ मतं विरोधात पडली. एरवी सगळं एकमताने, तो एवढा एक प्रसंग सोडून! पण महिन्यातून एक पगारी सुट्टी मिळायची तिचं नाव "घरकामाचा दिवस", आणि ती होती बायकांना. एकट्या बापांपर्यंत पोचायला १९७७ उजाडलं. नावातच कळतं ना धुणीभांडी कुणाची ते.

श्टाझीचं, म्हणजे तिथल्या गुप्त पोलिसांचं, खरं किती, सिनेमातलं किती?

आकडे खरे आहेत. १९८९ ला सुमारे ९१,००० पगारी नोकर आणि सुमारे १,८९,००० खबरी. उरलेल्या फायली एकापुढे एक लावल्या तर १११ किलोमीटर. पण सिनेमात कानाला हेडफोन लावलेला माणूस दाखवतात, खरं काम बरंचसं गप्पांतून व्हायचं, सहकारी, शेजारी, क्लबातला मित्र. १९७६ पासून एक पद्धत ठरवून वापरायचे, तिला "विघटन" म्हणायचे. अटक करायची नाही, कारण बोभाटा होतो. त्यापेक्षा माणसाबद्दल अफवा सोडायची, बढती अडकवायची, नवरा-बायकोत संशय घालायचा, घरात शिरून वस्तू किंचित हलवून ठेवायच्या. टॉवेल दुसऱ्या खिळ्याला, एवढंच. कुणाला सांगितलं तर तोच वेडा ठरतो.

आणि जिना विसरू नका. प्रत्येक बिल्डिंगमध्ये एक वही असायची, घरवही. कोण राहतं, कुठून आलं, तीन दिवसांपेक्षा जास्त पाहुणा राहिला तर त्याची नोंद, पश्चिमेचा असेल तर चोवीस तासांत.

म्हणजे आपल्या सोसायटीच्या सेक्रेटरीसारखंच की!

हा विनोद प्रत्येक पाहुणा करतो. थोडं आहे तसं, मान्य. "लोक काय म्हणतील" हे आपल्याकडे बिनसरकारी खातं आहे आणि ते फार कार्यक्षम आहे. दुसऱ्या जातीतल्या मुलाशी लग्न करणाऱ्या माझ्या मावसबहिणीला जेवढ्या लोकांनी विघटित केलं तेवढी तर एका फायलीत नावं मावणार नाहीत. पण ती उठून पुण्याला गेली आणि नवीन माणसं जोडली. इथे पुणं नव्हतं. जिथे जाल तिथे तीच वही, आणि बाहेर जायला भिंत.

"नाही" म्हणणारं कुणीच नव्हतं का?

होते ना. बंदूक नको म्हणणाऱ्यांना १९६४ पासून बांधकाम सैनिक होता यायचं, खांद्यावर फावड्याचं चिन्ह, आणि नंतर करिअरचा बहुतेक निकालच. चर्चच्या तळघरात पंक पोरं जमायची, त्यांचा देवाशी काडीचा संबंध नव्हता. बाहेर जायचा अर्ज करणारे होते, अर्ज केला की शिक्षक असाल तर दुसऱ्या दिवसापासून शिक्षक नाही. १९६३ पासून पश्चिम जर्मनीने पैसे मोजून तेहतीस हजारांहून जास्त राजकीय कैदी सोडवून नेले, अक्षरशः विकत.

पण मला आवडतं ते बिल्ल्याचं प्रकरण. "तलवारीचे नांगर करा" असं बायबलमधलं वाक्य आणि मधे लोहाराचं चित्र, कापडाचा गोल तुकडा, जाकिटाच्या बाहीवर शिवायचा. कागदावर छापायला परवाना लागायचा, कापडावर छपाई मात्र कापडकामात मोडायची, म्हणून कापड! आणि चित्र कशाचं, तर सोव्हिएत युनियनने १९५९ ला संयुक्त राष्ट्रांना भेट दिलेल्या पुतळ्याचं, म्हणजे पोलिसांना बोलायला तोंड नाही. तरी १९८२ ला बंदी आलीच. शाळेत, स्टेशनवर कात्रीने कापून काढायचे. तर पोरांनी काय करावं, कापलेल्या जागी भोक तसंच ठेवून फिरायचे, किंवा कोरा पांढरा गोल शिवायचे. आता भोकावर कुठलं कलम लावणार?

मग १९८९ ला एकदम काय झालं?

एकदम नाही. ७ मेच्या स्थानिक निवडणुकीत लोक मतमोजणीला जाऊन उभे राहिले, कायद्यात परवानगी होतीच, आणि स्वतः मोजलं. सरकार म्हणालं ९८.८५ टक्के, लोकांच्या वह्यांत वेगळंच. उन्हाळ्यात हंगेरीमार्गे माणसं निसटायला लागली. आणि आमच्याकडे निकोलाय चर्चमध्ये १९८२ पासून दर सोमवारी शांततेची प्रार्थना चालू होतीच, ती आता बाहेर रस्त्यावर आली. ९ ऑक्टोबरला सत्तर हजार लोक. तीनच दिवसांपूर्वी पेपरात पत्र छापून आलं होतं की गरज पडली तर हातात शस्त्र घेऊन थांबवू. आजी गेल्या होत्या. धाडस वगैरे काही नाही म्हणतात, दुसऱ्या पाळीतली मैत्रीण जाते म्हणाली, तिला एकटीला कसं सोडायचं. महिन्याने भिंत गेली. नव्वदनंतर गिरण्या पण गेल्या. त्या कष्टाने मिळालेल्या स्वातंत्र्यात आजींना पहिलं पत्र आलं ते कामावरून कमी केल्याचं. त्यामुळे इथलं कुणी जुन्या दिवसांबद्दल हळवं बोललं तर लगेच श्टाझीवर जाऊ नका, ते बऱ्याचदा त्या ब्रिगेडच्या डायरीबद्दल बोलत असतात.

आजींनी स्वतःची फाइल बघितली का?

१९९२ पासून कुणालाही अर्ज करून बघता येते. त्यांनी नाही केला. दोन माणसांवर संशय आहे म्हणतात, एक वारला, दुसरी दर डिसेंबरला घरी केलेली बिस्किटं घेऊन येते, आणि बिस्किटं चांगली असतात.

लाइपझिगला आलो तर काय बघू?

जुन्या श्टाझी ऑफिसातलं म्युझियम बघा, तिथे बरण्यांत माणसांच्या वासाचे नमुने ठेवलेत, कुत्र्यांना हुंगवायला. मग माझ्याबरोबर बागेत चला, आता एक वाफा माझ्याकडे पण आहे. एक तृतीयांश जागेत भाजी-फळं लावलीच पाहिजेत असा नियम आहे, आमच्याकडे कुंपणाची उंची टेप लावून मोजतात आणि मागच्या जूनमध्ये माझं कुंपण आठ सेंटीमीटर जास्त भरलं म्हणून पत्र आलं. कुणी कळवलं ते लिहिलेलं नव्हतं.